आयी

गुरुवार, नोव्हेंबर. बर्मिंगहॅम.

आज बसमध्ये माझा हातमोजा पडला. एका चिनी चिमुरडीने तो उचलून दिला आणि ती म्हणाली, "आयी!" मी चक्क "ओ" दिली. मराठीत!

चीनमध्ये एमबीबीएस करताना युनिव्हर्सिटीजवळच्या भुयारी मेट्रो स्टेशनवर बॅगा तपासायला एक बाई असायच्या. सगळी मुलं त्यांना "आयी" म्हणायची. आयी म्हणजे मावशी, हे मला तेव्हा कुठे ठाऊक? मला वाटलं, आईच. नागपूरहून नुकतीच आलेली मी, जिना उतरतानाच "आई!" अशी हाक मारायचे. संध्याकाळी माझी बॅग मशीनमधून आली की त्या माझा डबा काढून हलवून बघायच्या. जड लागला की चिनीत रागवायच्या. दुसऱ्या कुणाचा डबा बघितलेला आठवत नाही.

पुढे खरा अर्थ कळला. तरी मी आईच म्हणत राहिले. उच्चारात फरक तो कितीसा! आपल्याला ही पोरगी मावशी म्हणत नाहीये, हे त्यांना कधी कळलं असेल का? काहीतरीच. कसं कळणार?

पण मग माझाच डबा का हलवून बघायच्या?