बत्तिसावं डोकं

३ फेब्रुवारी, सोमवार

आले एकदाची! हुद्दा परिवीक्षा अधिकारी. आईला फोनवर हे नाव तीनदा सांगावं लागलं. शेवटी तिनेच निकाल दिला की म्हणजे दुसऱ्यांची वांड पोरं सांभाळायची. अगदीच चूक नाही म्हणा. गुन्ह्यात सापडलेली अठराच्या आतली मुलं खटला संपेपर्यंत या निरीक्षणगृहात राहतात. मी त्यांच्या घरी जायचं, शाळेत जायचं, पोरगं या वाटेला का लागलं ते शोधायचं आणि न्यायाधीशांना अहवाल द्यायचा. पहिलं वर्ष चाचणीचं. काही वेडंवाकडं झालं की सामान बांधा.

खोली वरच्या मजल्यावर आहे. टेबलाचा एक पाय आखूड निघाला, त्याखाली कोऱ्या फॉर्मांची घडी सारली, आता मुकाट उभं राहतं. काळजीवाहक इथे बावीस वर्षं आहेत आणि सगळे त्यांना मामा म्हणतात, अधीक्षकसाहेबसुद्धा. साहेब गोड बोलतात पण खुर्ची सोडत नाहीत. मुलांनी तासाभरात मला 'ताई' करून टाकलं आणि दुपारपर्यंत माझ्या चालण्याची नक्कलही बसवली. मला तर जागा आवडली बुवा.

५ फेब्रुवारी, बुधवार

आज दुपारची मोजणी माझ्याकडे आली. पद्धत गमतीची आहे. मुलं अंगणात गुडघ्यांत डोकं घालून बसतात. आपण मागून चालत जायचं, डाव्या हाताने एकेका डोक्याला हात लावायचा आणि उजव्या हाताने कागदावर रेघ मारायची. नजर कागदावर. आठ-आठच्या तीन रांगा, चौथी सातची. एकतीस मुलं, मंजूर जागाही एकतीस.

मामांनी आधीच बजावलं होतं की हाताला लागेल ते लिहू नका, हजेरीपटात आहे तेच लिहा. मी मनात म्हटलं, वा, कामचुकारपणाची काय सोय! मोजलं, तर रेघा बत्तीस. चौथ्या रांगेत आठवं डोकं लागलं होतं, बारीक कापलेलं, उन्हाने तापलेलं. वर बघितलं तर रांगेत सातच. पुन्हा मोजलं, पुन्हा तेच. कुठलं तरी कार्टं मागच्या मागे पळून माझी फिरकी घेतंय, असं मला वाटलं. नियमात स्पष्ट आहे की हाताने मोजलेला आकडा लिहायचा, मग शोध घ्यायचा. मी बत्तीस लिहिले आणि सही ठोकली. मामांचा चेहरा पडला. शाईने लिहिलंत ना ताई, एवढंच म्हणाले.

८ फेब्रुवारी, शनिवार

पहिला अहवाल पूर्ण! मुलाला इथे ढापण्या म्हणतात, जाड भिंगांचा चष्मा आहे म्हणून. मोठ्या पोरांनी दुकान फोडलं आणि याला बाहेर पहाऱ्यावर उभं केलं. हा पठ्ठ्या दिव्याखाली पुस्तक वाचत बसला, पोलीस शेजारी येऊन उभे राहिले तरी पत्ता नाही. मला हसू आवरेना. तोही हसला.

वय विचारलं की सोळा सांगतो. जन्माचा दाखला नाही. मनगटाच्या एक्स-रेवरून डॉक्टरांनी सतरा ते एकोणीस लिहिलंय. अठरा ठरले तर मोठ्या माणसांच्या तुरुंगात रवानगी. त्याची आई लोकांचे कपडे इस्त्री करते. ती म्हणाली की शेजारची गिरणी जळाली त्याच आठवड्यात हा झाला. मी सरळ अग्निशमन केंद्रात गेले. तिथल्या बिचाऱ्या कारकुनाने धूळ खात पडलेली वही शोधून दिली. आग सोळा वर्षं आणि चार महिन्यांपूर्वीची. शिक्का मारलेली नक्कल फाइलला लावली.

ढापण्याने एकच विचारलं, ताई, मला मोठ्या तुरुंगात नाही ना पाठवणार? मी त्याला शब्द दिला.

१२ फेब्रुवारी, बुधवार

वरच्या कार्यालयाचं पत्र. जागा एकतीस, मोजणीत बत्तीस, तरी जादाचं मूल तीन दिवसांत हलवावं. मी हसतच साहेबांकडे गेले. म्हटलं, कळवून टाका की मोजताना चूक झाली. साहेब उठले आणि त्यांनी दार लावलं. एक मोजणी खोटी म्हटली की मागच्या दहा-अकरा वर्षांच्या वह्या उघडतील, असं ते म्हणाले. आणि बत्तीसखाली सही कुणाची आहे? चाचणीच्या वर्षात कुणाला ठेवतात आणि कुणाला नाही, तेही सांगितलं. आवाज अगदी मऊ.

दुसऱ्या कुठल्याच गृहात जागा नाही. ज्याच्या वयाबद्दल शंका आहे असा एक मुलगा मोठा ठरला की झालं, असं त्यांचं म्हणणं. टेबलावर ढापण्याची फाइल होती.

१४ फेब्रुवारी, शुक्रवार

लिहूनच ठेवते. अग्निशमन केंद्राचा कागद मी फाइलमधून काढला. मी स्वतः. आता तो माझ्या पर्समध्ये आहे. सतरा ते एकोणीस म्हणजे मधले अठरा, गणित सोपं आहे, साहेब म्हणाले. आणि संशय असला तर कमी वय धरायचं, हे पाठ करून परीक्षा पास झालेली मी त्या अठराच्या खाली सही केली.

गाडीत चढताना त्याने विचारलं की तो कागद न्यायाधीशांना मिळाला ना. मी म्हटलं, बघतायत.

लाज वाटते. संध्याकाळी आईचा फोन आला, तिला म्हटलं बरं चाललंय.

१७ फेब्रुवारी, सोमवार

आज हिशोब चोख जुळला. कागदावर बत्तीसातून ढापण्या वजा, म्हणजे एकतीस; हाताला एकतीस. साहेब खूश. पण मी समोर जाऊन चेहरे मोजले.

तीस.

मामांना कोपऱ्यात गाठलं. त्यांनी इकडेतिकडे बघितलं आणि सांगितलं. अकरा वर्षांपूर्वी असाच एक मुलगा हाडांच्या रिपोर्टवर मोठा ठरवून तिकडे पाठवला होता. दुसऱ्या महिन्यात तिथे मेला. तेव्हापासून हाताला एक डोकं जास्त लागतं. तो मोजून घ्यायला येतो, ताई. आपण मनात मोजायचं आणि कागदावर सोडून द्यायचं. कागदावर आला की त्याच्या जागी जिवंत पोर जातं. मामा हे सांगताना रडत होते. अकरा वर्षांत हे त्यांनी कुणालाच सांगितलं नव्हतं. मला तरी आधी सांगायचं होतं, असं मी ओरडले. सांगितलं असतं तर तुम्ही ऐकलं असतंत का, असं त्यांनी विचारलं.

नसतं ऐकलं.

२१ फेब्रुवारी, शुक्रवार

आज बत्तीस.

चौथ्या रांगेत मुलं सहा. सातवं डोकं ओळखीचं झालंय आता, तेच तापलेलं. आठवं गार होतं. भर उन्हात गार. बोटं कानामागे गेली – तिथे खाच होती. चष्म्याच्या काडीने पडते तशी.

मी एकतीस लिहिले.

पण तो तर तिकडे आहे. जिवंत आहे. तो इथे कसा –

२२ फेब्रुवारी, शनिवार

तुरुंगातून फोन. काल दुपारी गेला. जिन्यावरून पडला म्हणे. मोजणीच्याच सुमाराला.

त्याच्या आईला सांगायला मी गेले. तिने इस्त्री खाली ठेवली नाही. विचारलं, कागद दिला होतात ना, मॅडम? ती इस्त्री करतच राहिली, त्याच एका शर्टावर.

२५ फेब्रुवारी, मंगळवार

वरच्या कार्यालयाचा तपासनीस आला. कडक माणूस, स्वतः मोजतो म्हणाला. मामांनी नको नको केलं, मी आडवी आले. त्याने हात लावत लावत बत्तीस मोजले, लिहिले आणि निघून गेला. मागे वळून बघितलंही नाही.

म्हणजे आणखी एक मूल जाणार.

साहेबांनी फाइल काढली. उंट. पंधरा वर्षांचा, उंचीने सगळ्यांच्या वर म्हणून हे नाव, ओठावर लव. दाखला नाही. आईचं नाव काढलं तरी रडतो. साहेब म्हणाले, दिसतो तर चांगला वीसचा.

२६ फेब्रुवारी, बुधवार

सही केली नाही. नोकरी गेली खड्ड्यात. न्यायाधीशांना सगळं लिहिलंय, माझं नाव घालून. कागद मी काढला. तो सोळा वर्षांचा होता. मला माहीत होतं. उद्या स्वतः नेऊन देते.

साहेब शांत आहेत. म्हणाले, उद्याच्या मोजणीतही बत्तीस आले तर उंट जाईल, तुमच्या सहीवाचून.

चौथ्या रांगेतली जागा रिकामी राहते म्हणून ते दोघं येऊन बसतात. मी तिथे बसले तर? माणूस बसलेलं असताना –

२७ फेब्रुवारी, गुरुवार, दुपार

बसलेय. चौथी रांग, शेवटी. शेजारी उंट. त्याचं कोपर मला टेकलंय. आज मोजणी मामा करणार. डोकं गुडघ्यांत, वही मांडीवर, दिसेल तसं लिहितेय.

पहिल्या रांगेमागे पावलं.

एक, दोन, तीन. आवाज बारीक आहे. मामांना सर्दी झाली असेल –

नाही. गुडघ्यांच्या फटीतून मामांच्या पायातल्या चपला समोर दाराशी दिसतायत. हलल्या नाहीत.

मग मागे कोण

दुसरी रांग. तेरा. चौदा. पंधरा. सोळा.

सोळा.

सोळा. पुढचा आकडा येत नाही. प्रत्येक डोक्याला सोळा. तिसरी रांग पूर्ण सोळा.

उंटाच्या डोक्यावर हात. सोळा. उंट हुंदका देतोय. ताई, म्हणतोय. मी आहे रे. मी आहे –

आता माझ्या केसांवर. गार. तो काही म्हणत नाही. थांबलाय. मी म्हणायची वाट बघतोय.

म्हणते. मोठ्याने म्हणते, सगळ्यांना ऐकू जाईल असं. सोळा. तू सोळा वर्षां