एक चूक जशीच्या तशी ठेवावी

मी, निवृत्त नकाशाकार, वय एकोणऐंशी, हे मृत्युपत्र स्वहस्ते लिहीत आहे. डोके ठिकाणावर आहे, चष्मा नवा आहे आणि मला कोणीही भरीस घातलेले नाही.

१. राहते घर व बँकेतील शिल्लक एकुलत्या एका लेकीस. घर मात्र कलम तीनची अट पाळल्यास.

२. रेखणीची सर्व हत्यारे लेकीस. भिंग जावईबापूंस. "आता नकाशे काढतंय कोण, आई?" असे विचारून त्याच संध्याकाळी त्यांनी फोनच्या भरवशावर एका गोदामाच्या भिंतीसमोर गाडी उभी केली आणि "पोहोचलो" म्हणून कळवले.

३. फोनमधल्या नकाशात मागच्या गल्लीतले घड्याळांचे दुकान माझ्या दारावर दाखवले आहे. नोकरीत मी केसभर चूक खपवून घेतली नाही. सहकारी मला माघारी 'फूटपट्टी' म्हणत. परंतु यजमान गेले, वाणसामान, वीजबिल, बँक सारे फोनवर आले, आणि माझी कडी वाजेनाशी झाली. या चुकीने ती पुन्हा वाजू लागली. बंद घड्याळ घेऊन माणसे येतात. मी त्यांना फोन खिशात ठेवायला लावते, पाणी देते आणि कागदावर रस्ता काढून देते, उत्तर दिशेसह. बरीचशी परतताना पुन्हा टेकतात.

लेक म्हणाली, "आई, दोन बोटांचं काम आहे. आत्ता दुरुस्त करते."

"हात लावून तर बघ."

त्या दुकानाचे मालक घड्याळजी तिथेच होते. "राहू दे गं," ते म्हणाले. "तुझ्या आईकडून आलेलं गिऱ्हाईक घासाघीस करत नाही. आधीच दमलेलं असतं."

लेकीची कचेरी आता जेवणाच्या टेबलावर भरते. दिवसभर ती पडद्यावरच्या माणसांशी बोलते; समोर पाण्याचा पेला ठेवावा असे कोणी नसते. म्हणून दुकान चालू असेतो ही चूक दुरुस्त करू नये. पडवीतली खुर्ची व कोरे कागद हलवू नयेत. रस्ता काढताना तिने उत्तर दिशा नीट दाखवावी. ती नेहमी चुकवते.

४. भिंतीवरचे घड्याळ घड्याळजींना देणार होते. ते साक्षीदार असल्याने त्यांना काही देता येत नाही. त्यांनी दुरुस्त केल्यापासून घड्याळ मागे पडते, तेव्हा त्यांचे नुकसान नाही.

सही : नकाशाकार

साक्षीदार पहिले : घड्याळजी. (वरील आरोप अमान्य.)

साक्षीदार दुसऱ्या : एक परिचारिका. घड्याळाचा पट्टा बदलायला निघाल्या होत्या. कडी वाजवली, आत घेतले.

दिनांक : चौदा नोव्हेंबर

स्थळ : माझे घर. फोनमध्ये पाहिल्यास, घड्याळांचे दुकान.