मागच्या बिल्डिंगीचा अर्ज

प्रयाग,

तू तामसीच्या बसनं येशील तवा मी दुकानावर असेन. डाळ झाकून ठेवली आहे, भाकरी तेवढी टाक. मागची खिडकी उघडू नको, केशवरावाच्या बिल्डिंगीच्या नव्या चवथ्या मजल्याचं सिमेंट आत पडून राह्यलं.

काल माप घ्यायले नगरपालिकेची माणसं आली होती. जिल्हा फुटून दोन झाल्यापासून त्या बिल्डिंगीच्या तक्रारीचा आपला अर्ज या ऑफिसातून त्या ऑफिसात फिरत होता, तो एकदाचा सापडला. मी खुशीनं चहा ठेवला. केशवरावाले परवानगी एका मजल्याचीच आहे, असं त्यायनं लिवून बी घेतलं. मंग साहेब आपल्या घरात शिरला आन म्हणे, "या सैपाकाच्या खोलीची परवानगी दाखवा."

ती तर आपण पोरीच्या लग्नात असीच बांधली होती. मी काय दाखवू?

साहेब म्हणे, "केशवरावानं कोर्टातून स्टे आणला. अर्ज चालवला तर पहिले तुमचीच खोली पडंल. मागं घ्या, दोन्ही राहतील."

आपल्यासंगं अर्जात नाव देलेल्या शेजारच्या भगवंतरावाले मी विचाराले गेलो. ते म्हणे, मी तर माघार घेतली. गल्लीतल्या सगळ्यायनं कवाच अर्जातून नावं काढली होती, आपणच राह्यलो होतो.

दोन साल तू उन्हातान्हात त्या ऑफिसायच्या पायऱ्या चढली. तुले विचाराले पाह्यजे होतं. फोन हातात घेतला, पण लावला नाही.

अर्ज तुह्या नावाचा होता, माही सही चालत नव्हती. म्हणून अर्ज मागं घ्यायच्या कागदावर तुहं नाव मीच लिवलं.

वामन