उपाशी पोटी दिलेली परीक्षा

ती. सौ. ताईस,

सिंगापूरहून पद्माकरचा वाकून नमस्कार (डॉक्टर म्हणतात, हळूहळू वाका). तुमचं दोघांचं क्षेम असेल असं धरून चालतो, कारण इकडे माझंच काही धड नाही.

जुरोंग आयलंडवरच्या आमच्या प्लांटमध्ये धोक्याच्या कामांच्या परवान्यांवर सही करायची तर परीक्षा द्यावी लागते. यंदा ती नेमकी संकष्टीला आली. म्हटलं, झकास, बाप्पाच्या दिवशी मला नापास कोण करतो! सकाळी मधुमेहाची गोळी घेतली (औषध उपासाला चालतं) आणि कडकडीत उपास धरून कंपनीच्या बसमध्ये बसलो. विनीता साबुदाण्याचा डबा घेऊन मागे धावली, तर तिलाच श्रद्धेवर चार शब्द सुनावले.

प्रश्न होता, गॅस गळला तर आधी कोणता व्हॉल्व्ह बंद कराल. ताई, हे मी स्वतः नव्या पोरांना शिकवतो! पण अक्षरं हलायला लागली, एसीत घाम फुटला, प्रश्न वाचून संपेपर्यंत त्याची सुरुवात विसरायला होई. परीक्षक मिस्टर लिम भला माणूस. “अंकल, यू ओके ऑर नॉट?” म्हणाला. मी त्याला चंद्रोदय किती वाजता ते विचारलं. मराठीत. तो मायलो (इथलं गोड चॉकलेटी पेय) घेऊन आला, तर मायलो उपासाला चालतो का यावर मी वाद घातला (तोही मराठीत). शेवटी त्याने तो मला पाजलाच. थोड्या वेळाने सगळे व्हॉल्व्ह आठवले, पण पेपर संपला होता.

डॉक्टर म्हणतात, साखर उतरली की डोकं चालत नाही, एवढंच. मला ते एवढंच वाटत नाही. हल्ली कुणाचं नाव पटकन आठवलं नाही तरी धस्स होतं. बुकित पंजांगच्या आमच्या इमारतीच्या लिफ्टमध्ये मी एकोणतिसाचा पाढा म्हणतो, शेजारी पुढच्या लिफ्टने येतात. धवल इथल्या सिंगापुरी इंग्रजीत म्हणतो, “बाबा, जस्ट ईट लाह!” पण पुन्हा नापास झालो तर सहीचा अधिकार जाईल, आणि सही नसलेल्या पन्नाशीच्या इंजिनिअरचा इथे राहायचा पास कोण वाढवून देणार? भीती वाटते गं.

तुझा,
पद्माकर

ता. क. फेरपरीक्षा गुरुवारी. पोळीभाजी खाऊन जाणार आहे.

आणखी ता. क. तू पत्र नेहमी शेवटाकडून वाचतेस, म्हणून मुद्द्याचं इथे लिहितो. माझं नापास होणं तुला विनीताकडून आधीच कळलं, आणि मी पास होईपर्यंत तू अन्नाला शिवणार नाहीस, असं भावोजींनी आज तिला सांगितलं. दुपारपासून तू फोनही उचलत नाहीस, म्हणून हे व्हॉट्सॲपवर पाठवतोय. अगं, इन्सुलिन घेतेस तू! परीक्षा मला पुन्हा देता येईल. वरचं काही वाचू नकोस. आधी ऊठ आणि जेव.