उगारलेलं स्टूल

३ जून

ती. ताईस, सा. नमस्कार.

तुझ्या गुडघ्याची खुशाली कळव. आमच्या चष्म्याच्या दुकानात परवा तमाशा झाला. एका ठेकेदाराचा चष्मा तयार नव्हता, म्हणून त्याने काउंटरजवळचं स्टूल माझ्या डोक्यावर उगारलं. मी मटकन खाली बसले. त्याने स्टूल खाली ठेवलं आणि तो हसला, बाकीचेही हसले. मालकांनी विचारलं, लागलं का? नाही म्हटल्यावर म्हणाले, मग विषय संपला. उलट गिऱ्हाईक मोठं आहे, पुढच्या आठवड्यात तो चष्मा न्यायला आला की मीच माफी मागायची, नाहीतर दुसरी नोकरी बघायची. लागलं तर खरंच नाही गं. खाली बसले याचीच लाज वाटते.

तुझी, लाडकी नसले तरी एकुलती बहीण,
धाकटी

७ जून

चि. धाकटीस, अ. उ. आशीर्वाद.

गुडघा ठणकतो आहे, जीभ ठणठणीत आहे. माफी कसली मागतेस? मी आमच्या वकील सूनबाईला विचारलं. ती म्हणते, अंगाला बोटही लागण्याची गरज नाही. आता फटका बसणार अशी धास्ती वाटेल असा हात किंवा वस्तू उगारली, की कायद्याने तो हल्लाच. नुसत्या तोंडच्या शिव्या यात येत नाहीत. त्यांचं कलम वेगळं. शिक्षा फार तर काही महिन्यांची कैद, किंवा दंड, किंवा दोन्ही. पोलीस लगेच बेड्या ठोकणार नाहीत, नोंद करून कोर्टाची वाट दाखवतील. पण नोंद होते, हे काय कमी आहे?

आणि खाली बसलीस याची लाज? अगं, तोच तुझा पुरावा. शाळेत सिस्टरची पट्टी वर गेली की आपण हात मागे घ्यायचो, ते काय गंमत म्हणून? तुझ्या मालकांची अक्कल म्हणजे काच नसलेली फ्रेम. तू ताठ उभी राहा. मात्र स्वतः काही उगारू नकोस. सूनबाई फुकट सोडवायला येणार नाही.

माझी माया आहेच, ती कामाला लाव.
ताई

१५ जून

ती. ताईस, सा. नमस्कार.

ठेकेदार आला. माफी मागणार नाही, तक्रार देणार आहे, असं मी त्याला सांगितलं. आवाज कापला, पण वाक्य पुरं झालं. मालक त्याची समजूत काढायला पुढे झाले, तर त्याने त्यांच्यावरच छत्री उगारली. मालक डोळे तपासायच्या अक्षरांच्या तक्त्यामागे असे दडले की नुसते बूट दिसत होते. छत्री कुणालाच लागली नाही. तो तणतणत निघून गेला. मी मालकांना हात दिला आणि, तुझी शपथ, अगदी काळजीने विचारलं, लागलं का?

भर दुपारी दुकान बंद करून ते माझ्याबरोबर चौकीवर आले आणि साक्षीदार म्हणून सही केली. जबाब घेताना हवालदाराने विचारलं, स्टूल वर गेल्यावर तुम्ही काय केलंत? खाली बसले, असं मी सगळ्यांना ऐकू जाईल इतक्या मोठ्याने सांगितलं.

लोभ वाढू दे. जीभ आहे तेवढीच पुरे.
धाकटी