डोळे मिटून दिलेली कबुली

मात्सुए, ऑक्टोबर अखेर

तीर्थरूप फुसाए आत्यांस,

कपाळ चटईला टेकवून कियोहारूचा नमस्कार. सरोवरावरून गार वारे सुटलेत, तेव्हा तुमचे गुडघे कसे आहेत? मुळ्याचं लोणचं पोचलं. (बरणी फुटली होती, पण पोस्टमनने इतक्या वेळा वाकून माफी मागितली की शेवटी मीच त्याला चहा पाजला.)

आत्या, माझा पार बोऱ्या वाजलाय. वाचनालयातली चिनात्सु तुम्हाला ठाऊक आहे. चार वर्षं दर रविवारी आम्ही सोबाच्या शेवया बरोबर खातो, तिच्या आईने मला मोजे विणून दिले, तिचं मांजर माझ्या मांडीवर म्हातारं झालं. पण तुमच्या काळी मध्यस्थ सगळं बोलायचे. आता तिसऱ्या भेटीत मुलाने स्वतः वाकून, हात पुढे करून "तू मला आवडतेस, माझी जोडीदार हो" असं रीतसर म्हणावं लागतं. तसं म्हटलं नाही, तर तुम्ही एकमेकांचे कोणी नाही. तिसऱ्या भेटीला मला सर्दी होती. शिंकत कबुली कशी द्यायची म्हणून पुढे ढकललं, ते आजतागायत. परवा ती शेवया भुरकत म्हणाली, "विवाहमंडळात नाव घातलंय हं मी. एकटीने किती दिवस काढायचे?" माझ्या घशात शेवई अडकली. तिच्यावर माझा जीव आहे, आत्या! दुसऱ्याच दिवशी मीही तिथे नाव घातलं.

तिथल्या मेळाव्यात पुरुष जागेवर बसतात आणि दर तीन मिनिटांनी घंटा झाली की बायका पुढच्या खुर्चीवर सरकतात. चिनात्सु समोर आली आणि माझं माहितीपत्रक वाचू लागली.

"छंद?"

"रविवारी शेवया खाणं."

"कोणाबरोबर?"

"आहे एक."

"मग तिला विचारायचं सोडून इथे कशाला तडफडलात?"

म्हटलं, आता नाही तर कधीच नाही. उठलो, काटकोनात वाकलो, डोळे गच्च मिटले, हात पुढे केला. शब्द मात्र येईनात. (मध्ये घंटा झाल्यासारखी वाटली, पण कान तापले की असं होतंच.) शेवटी एका दमात म्हणून टाकलं. हातात हात आला, "सांभाळून घ्या हं," असा होकारही आला. डोळे उघडले तर समोर दातांच्या डॉक्टर तोरिगोए बाई! सभागृहात टाळ्या पडल्या, सगळ्यांत जोरात चिनात्सुच्या. मला रडू यायचं तेवढं बाकी होतं.

भर सभेत दिलेली कबुली मागे कशी घेणार? बाई स्वभावाने प्रेमळ आहेत. दोन भेटींत त्यांनी माझे दोन दात भरले. नकार द्यायचं रोज ठरवतो, पण तोंड उघडं असताना तो देता येत नाही.

तुमचा,
कियोहारू

ता. क. खरं तर पत्र एवढ्यासाठीच. तुम्ही पूर्वी स्थळं जमवायचात, तशी मोडायचातही. तोरिगोए बाईंना माझ्या वतीने गोड शब्दांत नकार कळवाल का? मंगळवारी त्या माझी अक्कलदाढ काढणार आहेत, त्याआधी.

आणखी ता. क. आत्याबाई, मी चिनात्सु. कियोहारूंचं अक्षर म्हणजे कोंबडीचे पाय, म्हणून तुम्हाला पाठवायची पत्रं ते नेहमी माझ्याकडून ब्रशने लिहून घेतात. हेही आणून दिलं आणि "मजकुराकडे लक्ष देऊ नका" म्हणून पळाले. जीव असल्याची ओळ लिहिताना माझे दोन कागद वाया गेले. माझा होकार आहे, पण त्यांना सांगू नका. तोंडाने म्हणेपर्यंत मी थांबणार. तोरिगोए बाईंना आजच भेटून नकार कळवून आले. त्या म्हणाल्या, ठीक आहे, पण दाढ मंगळवारी काढणारच, आणि भूल न देता. मी म्हटलं, काढा.