किळस आली तरी

प्रिय दीपे,

तुझा फोन बंद, मेसेज पोचत नाहीत, म्हणून शेवटी कागद घेऊन बसले. कॉलेज सुटल्यापासून मी कुणाला पत्र लिहिलेलं नाही, तेव्हा अक्षराला हसू नकोस. आणि जेवायला बसायच्या बेतात असशील तर हे आधी बाजूला ठेव. हे जेवताना वाचायचं पत्र नाही.

गणपती गेले. भाट्याच्या किनाऱ्यावर वाळूत अजून कुजकं निर्माल्य पडलंय, त्यावर माशा घोंघावतात आणि लोक शेजारी उभे राहून भेळ खातात. मला सध्या सगळ्याचाच वीट आलाय. नवरोबा गुरुप्रसाद हौसेने सुरमई घेऊन आला, तर मी स्वयंपाकघरातून उठून गेले. बिचारा नुसता तुकड्यांकडे बघत राहिला.

तुला आषाढातली गोष्ट मी सांगितलीच नव्हती. माझा जनावरांचा दवाखाना आत, घाटाच्या बाजूच्या गावात आहे हे तुला ठाऊक आहे. शेजारच्या वाडीतून एका गायीसाठी बोलावणं आलं. पोट ढोलासारखं फुगलेलं, जीभ निळी पडलेली. घरचे उपाय करून सगळे थकले, तेव्हा माझी आठवण झाली होती. मी सुई दिली आणि थोड्याच वेळात गाय गेली. कुणीतरी तेवढंच चित्रण केलं, माझी सुई आणि गायीचं कोसळणं. खाली लिहिलं, ‘डॉक्टरीणबाईंचा गुण बघा.’ संध्याकाळपर्यंत ते तालुकाभर फिरलं. ‘हिला भांडी घासायला पाठवा’, ‘हिचा हात अपशकुनी’, आणि त्याहून गलिच्छ, जे मी तुलाही लिहिणार नाही. मला त्या माणसांची शिसारी आली. पण गंमत बघ, शिसारी त्यांची आली आणि खरं मात्र त्यांचंच वाटायला लागलं. साधा ताप असलेल्या शेळीला टोचायच्या आधीही मी औषध दोनदोनदा तपासायचे. लोक दारातून डोकावून तालुक्याच्या डॉक्टरांची चौकशी करायचे, “साहेब न्हाईत काय?” आणि मला बरं वाटायचं, की चला, हे जनावर तरी माझ्या हातून सुटलं.

गुरुप्रसादने काळजीपोटी माझं नाव एका आत्मविश्वासाच्या शिबिरात घातलं. हॉटेलचा हॉल, अत्तरात न्हालेला कोटवाला गुरू. त्याने प्रत्येकीच्या हातात छोटा आरसा दिला आणि ओरडायला लावलं, “मी वाघीण आहे!” माझ्या शेजारच्या बाईला खरंच रडू फुटलं. ‘कशी आहेस’ असं कुणी कधी तिला विचारलं नसावं. तर तो तिच्या खांद्यावर हात ठेवून मदतनिसाला म्हणाला, “घे, घे, हे घे,” आणि तिच्या रडण्याचा फोटो काढून घेतला. मी आरसा खुर्चीवर ठेवला आणि निघून आले. रिक्षात बसल्यावर मला त्या माणसापेक्षा माझीच जास्त घृणा वाटली, कारण अर्धा दिवस मीही वाघीण म्हणून ओरडले होते.

मग गौरीविसर्जनानंतर येसूबाईंच्या म्हशीसाठी बोलावणं आलं. येसूबाई म्हणजे डोंगरकडेच्या वाडीतली एकटी म्हातारी. तोंडाला मिश्री, कुणाशी धड बोलणं नाही, शेजाऱ्यांशी बांधावरून भांडणं. मुलगा मुंबईला. म्हैस अडलेली होती आणि पोटातलं पारडू मरून कुजलं होतं. गोठ्याच्या अलीकडेच वासाने माझे डोळे पाणावले. मुंबईहून सणाला आलेले बाप्ये नाकाला रुमाल लावून अंगणातल्या खळ्यात उभे होते, दोघातिघांनी मोबाइल आधीच वर धरलेले. मी खांद्यापर्यंत हात आत घातला, दीपे, आणि पारड्याची केसांसकट कातडी चिखलासारखी माझ्या मुठीत आली. मी हात काढला, गोठ्यामागे धावले आणि आतडी पिळवटेपर्यंत ओकले.

येसूबाईंचे दीर काशीराम माझ्या देखत म्हणाले, “वयनी, ह्या बाईमाणसाचा काम न्हाय. तालुक्याच्या सायबाला बोलवा.” आणि मी, वाघीण, म्हणाले, “हो, बोलवा. मला नाही जमणार.” खरं म्हणजे साहेब येईपर्यंत म्हैस राहणार नाही हे मला कळत होतं. तरी म्हणाले.

म्हातारी तांब्या घेऊन माझ्यामागे आली. मला वाटलं, पाठीवरून हात फिरवील. तिने तांब्या हातात कोंबला आणि म्हणाली, “वांती झाली ना? बरा झाला. पोट रिकामा झाला. आता चल.”

मी म्हटलं, “आजी, माझ्या हातून गाय मेली होती. ऐकलं असेल तुम्ही.”

“आयकलाय. सगल्या वाडीन आयकलाय.” ती पचकन थुंकली. “माज्या हातून दोन पोरा गेली. सासू बोलायची, हिचा हात वायट. मी पण तसाच समजायची. तिसरा झाला तवा त्याला उचलायला माजा हात होयना. पण तो भुकेन रडत होता. मंग उचलला. आता माजा हात बरा का वायट, ह्या त्या पोराला काय करायचा होता?”

मी फक्त म्हटलं, “मला फार किळस येते हो.”

“येनारच. घान हाय ती. सासरा हातरुनात होता तवा मना रोज किलस यायची. एक दिस गेली न्हाय. किलस जायची वाट बघीत बसली असती तर म्हातारा तसाच सडला असता.” आणि मग खळ्याकडे वळून तिने त्या मोबाइलवाल्यांना अशा शिव्या घातल्या की खळं रिकामं झालं.

मी आत गेले. धीर आला होता असं नाही. कण्यात भुलीची सुई दिली, साबणाचं पाणी आत सोडलं आणि तारेच्या करवतीने ते पारडू तुकड्यातुकड्याने बाहेर काढलं. मध्ये आणखी एकदा ओकारी आली, ती तिथेच शेणात टाकली आणि पुन्हा हात घातला. येसूबाई म्हशीचं डोकं मांडीवर धरून बसली होती, मला नाही, तिला सांगत होती, “ऱ्हा गो, ऱ्हा. झाला, झाला.” ऊन कलायला लागलं तेव्हा म्हैस एकदा पडली, दुसऱ्यांदा धडपडली आणि उभी राहिली.

मघाचे बाप्ये परत आले. एक जण म्हणाला, “मॅडम, म्हशीबरोबर एक फोटो?” मी त्याच्या हातात फावडं दिलं आणि ते तुकडे पुरायला खड्डा खणायला लावला. नाक धरून खणला त्याने. म्हैस जगली, पण यंदा दूध काही देत नाही, आणि येसूबाई भेटली की मला त्यावरूनही बोल लावते. माझ्या हातांचा वास आठवडाभर गेला नाही. मी चमच्याने जेवत होते.

आता हे सगळं तुलाच का लिहिलं ते सांगते. काल गुहागरहून तुझ्या आईचा फोन आला. तू पुण्याची नोकरी सोडून घरी आलीस, खोलीचं दार लावून बसलीस, अवजारांची पेटी कुणाला तरी देऊन टाकलीस, हे मला त्यांच्याकडून कळावं? ऑपरेशन करताना तुझ्या टेबलावर एक कुत्रा गेला, आणि त्याची मालकीण सगळ्यांसमोर तुला कसाई म्हणून तुझ्या अंगावर थुंकली, हेही काकूंनीच रडत रडत सांगितलं. तू त्यांना म्हणालीस म्हणे, “मला माझ्या हातांचीच किळस येते.” दीपे, ती येऊ दे. ती जाईल असं मी तुला खोटं सांगणार नाही. पुढच्या सोमवारपासून माझ्याकडे गावोगावच्या भाकड जनावरांची तपासणी आहे, आणि माझ्या एकटीच्याने ते होणार नाही. पेटी मी देते. ये. घाण काम आहे.

तुझी वाट बघणारी, तुझीच,
समीक्षा